पंधरा मिनिटांचा उतारा

फ्रीगंजमधल्या मुळ्ये टायपिंग क्लासमध्ये घड्याळ नव्हतं, आणि याचा दिलीपसरांना कोण अभिमान. घड्याळाकडे बघणारा माणूस कधी टायपिस्ट होत नाही, असं ते प्रत्येक नव्या विद्यार्थ्याला पहिल्याच दिवशी ऐकवत. दारापाशी स्टुलावर एक स्टीलचं ताट ठेवलेलं असे. मोबाइल आणि मनगटी घड्याळ त्यात काढून ठेवायचं आणि मगच खुर्चीत बसायचं. कॉम्प्युटरच्या पडद्यावर खाली कोपऱ्यात वेळ दिसते, तीसुद्धा सरांनी सगळ्या मशीनवर लपवून टाकली होती. उतारा सुरू झाला की पंधरा मिनिटांनी प्रोग्राम आपोआप थांबे आणि पडद्यावर मोठ्या आकड्यात स्पीड येई. किती वेळ उरला हे मध्येच विचारायची सोय नव्हती. लोक म्हणत, सर विक्षिप्त आहेत. पण उज्जैनच्या निम्म्या कचेऱ्यांतले बाबू आपल्याच हाताखालून गेलेत असं सर सांगत, आणि त्यात थोडंफार तथ्यही होतं.

मुळ्यांच्या घरात कारकुनी मुरलेली. पूर्वज शिंद्यांच्या दफ्तरात लिहायला होते, आजोबा रियासतीच्या खात्यात, वडील कलेक्टर कचेरीत. दिलीपरावांना नोकरी लागली नाही, तर त्यांनी दुसऱ्यांना नोकरीसाठी तयार करण्याचा धंदा काढला. अठ्ठ्याऐंशी साली दहा टाइपरायटर घेऊन क्लास सुरू केला तेव्हापासून त्यांची एक गोष्ट सगळ्या फ्रीगंजला ठाऊक होती. वर्गाकडे पाठ करून ते खिडकीशी उभे राहत आणि नुसत्या आवाजावरून म्हणत, "तीसरी कुर्सी, बाईस. पाँचवीं, सोलह, और बाएँ हाथ की छोटी उँगली सो रही है." मग मोजून बघावं तर तिसरीचे बावीस आणि पाचवीचे सोळाच निघत. टाइपरायटर जाऊन कीबोर्ड आले, खडखडाट जाऊन नुसती टिकटिक उरली, तरी सरांचा कान एका शब्दापलीकडे चुकत नसे.

कॉम्प्युटर आले ते दोन हजार एक साली. आठ मशीन, त्यांत विंडोज अठ्ठ्याण्णव. इंदूरच्या एका माणसाकडून सरांनी टायपिंगचा प्रोग्राम लिहून घेतला आणि त्यात एकशे चाळीस उतारे स्वतः टाइप करून भरले. अफूची शेती, सिंहस्थाची व्यवस्था, ग्रामपंचायतीचे अधिकार असे विषय, आणि प्रत्येक उताऱ्यात अडखळायला लावणारी जोडाक्षरं मुद्दाम पेरलेली. त्या उताऱ्यांवर सरांचा जीव होता. पुढे जग कुठल्या कुठे गेलं, प्रोग्राम लिहिणारा माणूस वारला, पण क्लासमध्ये विंडोज अठ्ठ्याण्णवच राहिलं, कारण उतारे दुसऱ्या कशातच उघडत नव्हते. भंगारवाल्याकडून सुटे भाग आणून सरांनी मशीन ओढली. दोन हजार चोवीसच्या उन्हाळ्यात शेवटची तीन एकाच आठवड्यात गेली.

मुलगा निखिल पुण्याला कॉम्प्युटरच्याच कामात. त्याने फोनवर समजावून पाहिलं.

"बाबा, आता सोडा ते अठ्ठ्याण्णव. ब्राउझरवर टायपिंगच्या फुकट साइट आहेत."

"त्यांत माझे उतारे आहेत का?"

"उतारे काय, कुठलेही चालतात."

"तुला चालतात," सर म्हणाले आणि त्यांनी फोन बायकोच्या, प्रतिभाताईंच्या हातात दिला.

निखिलने तरीही पुण्याहून सहा डब्या पाठवल्या. तळहाताएवढ्या, आत मोबाइलमध्ये असते तसली चिप, पंखा नाही की आवाज नाही. या डब्यांना जुन्या विंडोजचं एक अक्षर कळत नव्हतं. पण सरांनी शोधून काढलं की असा एक प्रोग्राम मिळतो जो डबीच्या आत जुन्या कॉम्प्युटरचं सोंग घेतो, आणि त्या सोंगाच्या पोटात विंडोज अठ्ठ्याण्णव सुखाने राहतं. मग ते हात धुऊन त्याच्या मागे लागले. सहा-सात महिने गेले. चष्मा बदलावा लागला. प्रतिभाताई म्हणायच्या, एवढा अभ्यास तरुणपणी केला असता तर कलेक्टर झाला असता. दोन हजार पंचवीसच्या फेब्रुवारीत एका सकाळी तो जुना हिरवट पडदा उघडला, त्यावर एकशे चाळीस उताऱ्यांची यादी आली, आणि सदुसष्ट वर्षांचे दिलीपसर एकटेच खुर्चीत बसून रडले. कोणाचीही मदत न घेता त्यांनी हे केलं होतं, आणि त्यांचं चुकलं असेल तर ते या आनंदात नव्हे.

त्यांनी निखिलला फोन केला. निखिल मनापासून खूश झाला. "मानलं बाबा तुम्हाला. फक्त एक करा, त्यातलं घड्याळ तपासून घ्या. असल्या जुगाडात कधी कधी वेळ मागे पडतो."

सरांच्या कानात तेवढा 'जुगाड' शिरला आणि टोचला. तरी ते उठले, कोपऱ्यातली लपवलेली वेळ उघडली, मनगटावरच्या घड्याळाशी ताडून पाहिली. मिनिटाला मिनिट बरोबर. वेळ पुन्हा लपवली आणि विषय संपवला. ते तपासत होते तेव्हा त्या मशीनवर कोणी टाइप करत नव्हतं. एवढी साधी गोष्ट लक्षात यायला त्यांना पुढे नऊ-दहा महिने लागले.

मीना पवार जूनमध्ये क्लासला आली. छत्तीस वर्षांची, भैरवगढला सासऱ्यांकडे राहणारी. नवरा अमोल एका सरकारी कचेरीत बाबू होता, कोविडात गेला. त्याच्या जागी तिला अनुकंपा नियुक्ती मिळाली, पण अट घालून. तीन वर्षांच्या आत हिंदी टायपिंगची परीक्षा पास व्हायची, मिनिटाला वीस शब्द. नाही झाली तर नोकरी गेली. तीन वर्षांत ती चारदा बसली आणि चारदा नापास झाली. मग एक वर्षाची मुदतवाढ मिळाली, तीही येत्या डिसेंबरात संपत होती. घरात अमोलचे वडील अण्णा आणि आठ वर्षांची मुलगी ईरा. पगार येणारा हा एकच.

पहिल्या दिवशी मीनाचे नऊ शब्द आले. सरांनी तिची बोटं हातात धरून कीबोर्डवर बसवली, जसा एखादा पेटीवाला बसवतो. ती कचेरी सुटली की साडेपाचला येई, धापा टाकत ताटात मोबाइल ठेवी आणि चौथ्या खुर्चीत बसे. चुकली की स्वतःच्याच हातावर चापट मारायची. जुलैअखेर पडद्यावर चौदा आले, सप्टेंबरात एकोणीस. तिने पेढे आणले. सर म्हणाले, पेढे पास झाल्यावर. तरी त्यांनी दोन खाल्ले.

नव्या डब्या सुरू झाल्यापासूनच सरांचं कानाशी भांडण चाललं होतं. पाठ करून उभे राहिले की कान म्हणे पंधरा, वळून बघावं तर पडद्यावर एकोणीस. दुसऱ्या खुर्चीला कान म्हणे वीस, पडदा पंचवीस. आयुष्यात असं झालं नव्हतं. आणखीही काही गोष्टी होत होत्या. साडेपाचची बॅच रोज उशिरा सुटू लागली, घरी चहा गार व्हायला लागला, मुलं म्हणू लागली, "सर, आजकल पैसेज बहुत लंबा लगता है." सरांनी त्यांना सुनावलं की पूर्वीच्या मुलांत दम होता. प्रतिभाताईंचं म्हणणं होतं की त्यांना दारावरची घंटाही ऐकू येत नाही. शेवटी ऑगस्टात ते कानाच्या डॉक्टरकडे गेले. दोन्ही कानांत थोडं कमी निघालं. सदुसष्टाव्या वर्षी कुणाच्याही कानात काहीतरी निघतंच, पण सरांनी तो कागद घडी करून खिशात ठेवला आणि त्या दिवसापासून खिडकीशी उभं राहणं बंद केलं. आता ते वर्गात फिरून पडद्यावरचे आकडे वाचत. आकडे छान होते. इतके छान आकडे पस्तीस-छत्तीस वर्षांत कधी आले नव्हते, आणि ते आपण उभ्या केलेल्या मशीनवर येत होते. अशा वेळी कोण कशाला शंका काढतो?

दसऱ्यानंतर मीनाचे तेवीस झाले. परीक्षा नोव्हेंबरच्या मध्यावर होती, तिच्या मुदतीतली शेवटची. एक दिवस बॅच सुटल्यावर ती ताटातला मोबाइल न उचलता तशीच उभी राहिली.

"सर, एक विचारू का? रागावू नका."

"विचार."

"टॉवरकडे तो नवीन क्लास आहे ना, तिथे एकदम परीक्षेसारखाच स्क्रीन आहे म्हणतात. वेळ पण समोर दिसते. एक महिना सकाळी तिकडे जाऊ का? इकडे तर संध्याकाळी येईनच. मतलब, लास्ट चान्स आहे म्हणून."

सरांच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. "किती येतात तुझे?"

"तेवीस."

"परीक्षेला किती लागतात?"

"वीस."

"मग तिकडे काय हवा खायला जाणार?"

मीना ओशाळली. "नाही सर, मी तर असंच विचारलं. तुम्ही म्हणता तर बिलकुल नाही जाणार."

आदल्याच दिवशी सर सवयीने मिनिटभर डोळे मिटून उभे राहिले होते आणि चौथ्या खुर्चीवरून त्यांना अठरा ऐकू आले होते. डोळे उघडले तर पडद्यावर तेवीस. मीना समोर उभी असताना त्यांना ते आठवलंही. पण कानाचं खरं मानायचं तर सात महिन्यांची मेहनत, चष्मा, ती सकाळ, सगळ्यावर पाणी सोडायचं. त्यापेक्षा म्हातारं होणं सोपं होतं. त्यांनी मीनाला सांगितलं की आता स्पीडची चिंता सोड, फक्त चुका कमी कर. ती वाकून पाया पडली आणि गेली.

परीक्षेच्या दुसऱ्या दिवशी ती क्लासला आली तेव्हा तिचा चेहरा उतरलेला होता. "सर, तिथलं घड्याळ पळत होतं. माझा उतारा अर्ध्याच्या थोडा पुढे गेला आणि टाइम संपला. असं इथे कधी झालं नाही."

"परीक्षेत सगळ्यांनाच असं वाटतं," सर म्हणाले. "घाबरलीस, दुसरं काही नाही."

तीन आठवड्यांनी निकाल लागला. मीनाचे अठरा शब्द आले होते. क्लासमधले आणखी दोघे बसले होते, तेही तसेच गेले, एकाचे एकोणीस, एकाचे सतरा.

सरांना नापास हा शब्द नवा नव्हता. त्यांना अठरा या आकड्याने धरलं. त्या दुपारी वर्ग रिकामा असताना ते चौथ्या खुर्चीत बसले, मनगटावरचं घड्याळ काढून कीबोर्डशेजारी ठेवलं आणि ग्रामपंचायतीचा उतारा टाइप करायला घेतला. पंधरा मिनिटं झाली, प्रोग्राम थांबला नाही. सोळा झाली. सर टाइप करत राहिले, कारण थांबलं तर काय कळेल याची त्यांना भीती वाटत होती. एकोणिसाव्या मिनिटाला पडदा थांबला आणि त्याने मोठ्या आकड्यांत एक्केचाळीस दाखवले. सरांनी दुसऱ्या डबीवर तेच केलं. तिथेही एकोणीस मिनिटं लागली.

निखिलने फोनवर सगळं नीट ऐकून घेतलं. "बाबा, ती चिप फोनची आहे. जुन्या विंडोजची प्रत्येक गोष्ट तिला आपल्या भाषेत आणून मगच करावी लागते. नुसतं चालू असतं तेव्हा काही नाही, पण कोणी भराभर टाइप करायला लागलं, प्रोग्राम प्रत्येक अक्षर तपासायला लागला, की तिची धांदल उडते आणि ती मधले सेकंद गाळते. आतलं घड्याळ हळू चालतं."

"म्हणजे आतले पंधरा ते बाहेरचे एकोणीस."

"हो."

मी सांगितलं होतं, असं निखिल म्हणाला नाही. म्हणाला असता तर बरं झालं असतं, निदान त्याच्यावर चिडता आलं असतं.

डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात मीनाची सेवा समाप्त झाल्याचं पत्र निघालं. सरांनी क्लासच्या दाराला कुलूप घातलं आणि मशीन दुरुस्तीला गेलीत असं लिहून कागद चिकटवला. घरात ते कुणाशी बोलेनात. अकरा दिवस प्रतिभाताईंनी हे पाहिलं आणि बाराव्या दिवशी म्हणाल्या, "तुम्ही त्या मुलीला जाऊन खरं काय ते सांगून या. तुमचं मन हलकं होईल." हा सल्ला सरांना पटला. आपण मोठं अवघड आणि चांगलं काम करायला निघालो आहोत असं त्यांना वाटलं. रविवारी सकाळी त्यांनी धुतलेला झब्बा घातला, ईरासाठी बिस्किटांचा पुडा घेतला आणि ऑटो करून भैरवगढला गेले.

मीनाचं घर कापडछपाईच्या कारखान्यांच्या मागच्या गल्लीत होतं. तिने दार उघडलं तेव्हा तिचे हात मनगटापर्यंत रंगाने लाल होते. नोकरी गेल्यापासून ती एका कारखान्यात छापलेल्या चादरी धुवायला आणि घड्या घालायला जात होती. अण्णा नातीला घेऊन देवळात गेले होते. तिने सरांना पलंगावर बसवलं, पाणी दिलं, चहा टाकला. "तुम्ही कशाला आलात सर एवढ्या लांब, मला बोलवायचं."

सर ऑटोत घोकून आले होते, तसं त्यांनी सगळं सांगितलं. डबी, चिप, गाळलेले सेकंद, पंधराचे एकोणीस. पडद्यावर तेवीस दिसत होते तेव्हा तिचे खरे अठराच होते, हेही सांगितलं. मीना चहाचा कप हातात घेऊन मध्येच उभी राहिली होती.

"म्हणजे मी तिकडच्या क्लासला गेले असते तर मला पहिल्याच दिवशी कळलं असतं."

"हो."

"महिना होता हातात. दोन शब्दच कमी होते."

"हो."

तिने कप त्यांच्यापुढे ठेवला. "पण तुम्हाला तर आवाजावरून कळतं ना सर? सगळे बोलतात. तुम्ही तर मागेच उभे राहायचे माझ्या."

इथे सर खोटं बोलू शकले असते, कानाचा रिपोर्ट हाताशी होताच. पण ते मन हलकं करायला आले होते. "कळत होतं," ते म्हणाले. "मला अठराच ऐकू येत होते."

 दाराच्या चौकटीला टेकून मीना हळू आवाजात म्हणाली, "हे तुम्ही मला सांगायला नको होतं, सर. आतापर्यंत मी धरून चालले होते की माझ्याच बोटांत दम नाही. पाचदा बसले, पाचदा नाही जमलं, बस. अण्णा बोलायचे, मी ऐकून घ्यायचे. रात्री झोप तर लागत होती. आता मी काय करू, ते पण सांगा."

सरांनी जे काही घोकलं होतं ते इथेच संपत होतं. तिने आपल्याला माफ करावं, एवढंच पुढे धरलेलं होतं. तिचं काय व्हावं हे त्यांनी ऑटोत बसल्यापासून एकदाही मनात आणलं नव्हतं, आणि आता ते लक्षात आल्यावर त्यांना स्वतःची किळस आली. "चहा घ्या," मीना म्हणाली, "थंड होतोय."

तेवढ्यात अण्णा ईराला घेऊन आले. कपाळाला गंध, हातात प्रसादाची पुडी. सरांना बघून त्यांना फार बरं वाटलं. गुरू घरी चालत येतो हल्लीच्या काळात, असं म्हणत त्यांनी हात जोडले, प्रसाद पुढे केला आणि समोरच्या खुर्चीत बसले.

"तुम्ही तर काही कसर ठेवली नाही, सर," अण्णा म्हणाले. "माझ्या अमोलची नोकरी होती ती. हिला सांभाळता नाही आली. साल-साल भर बसून दोन शब्द वाढवता येत नाहीत म्हणजे काय बोलायचं. चूक आमच्या घरातच आहे."

मीनाने मान वर केली आणि सरांकडे बघितलं. ती वाट बघत होती. ईरा बिस्किटांचा पुडा उघडत होती आणि अण्णाही, गुरू काय म्हणतो ते ऐकायला, थोडे पुढे झुकले होते.

सरांनी चहाचा एक घोट घेतला.

"होतं असं कधी कधी," ते म्हणाले.